हेलसिंकीचे ऑलिंपिक स्टेडियम : एका मैदानाचा इतिहास आणि उपयोग

(द्वितीय वर्ष, कला)

सातारा जिल्ह्यातील विद्यार्थ्याने फिनलंडमधील एका स्टेडियमवर लेख लिहावा, याचे कोणाला नवल वाटेल. पण आमच्या भागातील लहान पोरालाही 'हेलसिंकी' हे नाव ठाऊक असते. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव यांनी १९५२ साली तिथे कुस्तीत कांस्यपदक मिळवले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. माझ्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजची पायरी चढलेले नाही, पण माझ्या वडिलांना हेलसिंकी माहीत आहे, आणि ते खाशाबांमुळेच. ज्या गावाचे नाव आपण इतक्या अभिमानाने घेतो, तिथले ते प्रसिद्ध मैदान कोणी बांधले, कशासाठी बांधले आणि आज त्याचा काय उपयोग होतो, हे समजून घ्यावे असे मला वाटले. प्रस्तुत लेख हा त्या जिज्ञासेचा परिपाक आहे.

स्वातंत्र्य आणि धावण्याचे वेड

फिनलंड हा देश शंभराहून अधिक वर्षे रशियाच्या झारच्या सत्तेखाली होता. १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये हान्नेस कोलेहमाइनेन या फिनिश धावपटूने तीन सुवर्णपदके जिंकली, पण त्याच्या विजयानंतर ध्वज चढला तो रशियाचा. परक्या ध्वजाखाली जिंकण्याचे दुःख काय असते, हे आपल्याला वेगळे सांगायला नको. १९१७ च्या डिसेंबरात फिनलंड स्वतंत्र झाला. त्यानंतर पाव्हो नुर्मी या असामान्य धावपटूने १९२० ते १९२८ या काळात तीन ऑलिंपिक स्पर्धांतून नऊ सुवर्ण आणि तीन रौप्यपदके मिळवली. लोकसंख्येने लहान, पैशाने बेताचा आणि नुकताच यादवी युद्धातून बाहेर पडलेला हा देश धावपटूंच्या पायांनी जगाला माहीत झाला. अशा देशाला आपल्या राजधानीत ऑलिंपिक भरवावे असे वाटले, यात नवल ते काय?

या हेतूने १९२७ मध्ये स्टेडियमसाठी एक खास प्रतिष्ठान स्थापन झाले. यर्यो लिंडेग्रेन आणि तोइव्हो यान्ती या दोन तरुण वास्तुशिल्पकारांचा आराखडा निवडला गेला, १९३४ मध्ये काम सुरू झाले आणि १२ जून १९३८ रोजी स्टेडियमचे उद्घाटन झाले.

मनोऱ्याची उंची

ही वास्तू पांढऱ्या रंगाची, साध्या रेषांची आणि नक्षीकामाचा सोस नसलेली आहे. ज्या वस्तूचे जे काम, तेच तिचे रूप, असा विचार त्या काळातील युरोपीय वास्तुशास्त्रात प्रबळ होता आणि हे स्टेडियम त्याचे उत्तम उदाहरण मानले जाते. तिचे सर्वांत मोठे वैशिष्ट्य म्हणजे कडेला उभा असलेला उंच, सडपातळ मनोरा. त्याची उंची ७२.७१ मीटर आहे. हा आकडा असा अपूर्णांकात का, असा प्रश्न पडतो. त्याचे उत्तर मोठे गोड आहे. १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये फिनलंडच्या मात्ती यार्विनेनने भालाफेकीचे सुवर्णपदक जिंकले, तेव्हा त्याचा भाला बरोबर ७२.७१ मीटर लांब गेला होता. आडवे गेलेले ते अंतर देशाने मनोऱ्याच्या रूपाने उभे करून ठेवले! राजेरजवाड्यांच्या विजयाचे स्तंभ आपण इतिहासात वाचतो. एका खेळाडूच्या फेकीवरून मोजलेला स्तंभ मात्र विरळाच.

उद्घाटनालाच लागलेला डाग

पण कोणत्याही वास्तूचा इतिहास केवळ गौरवाचा नसतो. जून १९३८ मध्येच, उद्घाटनाच्या महिन्यात, या मैदानावर शंभर मीटरची एक शर्यत झाली. अब्राहम टोकाझिएर हा हेलसिंकीच्या ज्यू क्रीडामंडळाचा धावपटू तीत पहिला आला. परंतु पंचांनी त्याला चौथे स्थान दिले. वर्तमानपत्रात छापलेल्या अंतिम रेषेवरील छायाचित्रात त्याची छाती सर्वांच्या पुढे स्पष्ट दिसत होती, तरी निकाल बदलला नाही. ते दिवस हिटलरच्या जर्मनीच्या दबदब्याचे होते, आणि ज्यू विजेता अडचणीचा वाटल्यामुळे हा अन्याय झाला, असे पुढे मानले गेले.

टोकाझिएर १९७६ मध्ये वारला. २०१३ मध्ये, म्हणजे शर्यतीनंतर पंचाहत्तर वर्षांनी, फिनलंडच्या अॅथलेटिक्स संघटनेने क्षमा मागितली आणि निकाल दुरुस्त केला. दुरुस्ती झाली ही गोष्ट चांगलीच, पण ती पाहायला तो धावपटू नव्हता. शंभर मीटर धावायला जेमतेम दहा-अकरा सेकंद लागतात, आणि त्यातला न्याय मिळायला पाऊणशे वर्षे लागावीत! मैदानावर सर्वांसाठी रेषा एकच असते असे आपण म्हणतो. पण रेषेपाशी उभा असलेला माणूस निःपक्षपाती नसेल, तर त्या चुन्याच्या रेषेला काही अर्थ उरत नाही.

न भरलेले ऑलिंपिक

१९४० चे ऑलिंपिक आधी टोकियोला मिळाले होते. चीनशी युद्ध सुरू असल्यामुळे जपानने १९३८ मध्ये ते सोडून दिले आणि मान हेलसिंकीकडे आला. जोरात तयारी सुरू झाली. परंतु ३० नोव्हेंबर १९३९ रोजी सोव्हिएत रशियाने फिनलंडवर स्वारी केली आणि त्याच दिवशी हेलसिंकीवर बाँब पडले. हे 'हिवाळी युद्ध' एकशे पाच दिवस चालले. पुढे महायुद्धाने सारे युरोपच वेढले आणि १९४० चे ऑलिंपिक रद्द झाले. मैदान तयार, मनोरा तयार, पण ज्या पिढीने तिथे धावायचे ती रणांगणावर! युद्धाअखेर फिनलंडला भूभाग गमवावा लागला आणि रशियाला मोठी युद्धखंडणीही द्यावी लागली.

१९५२ : प्रतीक्षेचे फळ

बारा वर्षांनी ती संधी पुन्हा आली. १९ जुलै १९५२ रोजी, पावसात, ऑलिंपिकचे उद्घाटन झाले. ज्योत घेऊन मैदानात कोण येणार हे गुप्त ठेवले होते. पंचावन्न वर्षांचा नुर्मी धावत आत आला तेव्हा त्याची ती सुप्रसिद्ध ढब पाहूनच लोकांनी त्याला ओळखले. मैदानावरील ज्योत त्याने पेटवली आणि मनोऱ्यावरील ज्योत बासष्ट वर्षांच्या कोलेहमाइनेनने. ज्याच्यासाठी एके काळी परका ध्वज चढला होता, त्याच्याच हातून स्वतंत्र देशाच्या मनोऱ्यावर ज्योत लागली. फिन्निश लोकांना त्या क्षणी काय वाटले असेल, याची कल्पना आपण भारतीय सहज करू शकतो.

याच स्पर्धेत सोव्हिएत रशिया प्रथमच ऑलिंपिकमध्ये उतरला. ज्याच्या बाँबमुळे हे मैदान बारा वर्षे वाट पाहत राहिले, त्याचेच खेळाडू पाहुणे म्हणून आले होते, आणि त्याच वर्षी सप्टेंबरात फिनलंडने युद्धखंडणीचा शेवटचा हप्ता फेडला. याच धावमार्गावर चेकोस्लोव्हाकियाच्या एमिल झाटोपेकने पाच हजार मीटर, दहा हजार मीटर आणि मॅरेथॉन अशी तिन्ही सुवर्णपदके एकाच ऑलिंपिकमध्ये जिंकली. मॅरेथॉन तर तो आयुष्यात प्रथमच धावत होता! असा पराक्रम त्यानंतर कोणालाही साधलेला नाही.

आपले लोक तिथे

येथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. खाशाबांनी पदक मिळवले ते या स्टेडियममध्ये नव्हे. कुस्त्या जवळच्याच 'मेसुहाल्ली' नावाच्या प्रदर्शनगृहात, छताखाली झाल्या. तांबड्या मातीत वाढलेला हा मल्ल तिथे मॅटवर लढला. त्यांना हेलसिंकीला पाठवण्यासाठी लोकांनी वर्गणी काढली, आणि कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. प्राचार्य विद्यार्थ्यासाठी घर गहाण ठेवतो, ही घटना कोणत्याही मनोऱ्याहून उंच आहे, असे मला वाटते. एका मोठ्या कुस्तीनंतर पुरेशी विश्रांती न मिळता खाशाबांना लगेच सोव्हिएत मल्लाशी लढावे लागले आणि त्यांची बाजू मांडायला भारतीय अधिकारी जवळ नव्हता, असे आपल्याकडे सांगितले जाते. टोकाझिएरची हकिकत वाचताना मला याची आठवण झाल्याशिवाय राहिली नाही.

प्रत्यक्ष स्टेडियमच्या धावमार्गावर मात्र आपल्या दोन मुली धावल्या: बंगालची नीलिमा घोष आणि मुंबईच्या वांद्र्याची मेरी डिसूझा. स्वतंत्र भारतातर्फे ऑलिंपिकमध्ये स्त्रियांनी भाग घेण्याची ही पहिलीच वेळ. त्यांना पदके मिळाली नाहीत, म्हणून त्यांची नावे आपल्याला पाठ नाहीत. पण आज ज्या मुली भल्या पहाटे मैदानावर सराव करतात, त्यांच्या वाटेची सुरुवात तिथे आहे.

एक मैदान, अनेक उपयोग

आता उपयोगांकडे वळू. १९५२ मध्येच या एका मैदानावर धावणे, उड्या आणि फेकी झाल्या, फुटबॉलचा अंतिम सामना झाला (हंगेरीने युगोस्लाव्हियाला २-० असे हरवले), आणि शेवटच्या दिवशी त्याच हिरवळीवर घोड्यांनी अडथळे ओलांडले. १९५७ मध्ये येथे बर्फावरील 'बँडी' या खेळाची पहिली जागतिक स्पर्धा भरली. जिथे उन्हाळ्यात धावपटू धावतात तिथेच हिवाळ्यात बर्फावर खेळाडू घसरत जातात, ही गंमत आपल्या हवामानात अनुभवास येणार नाही.

१९८३ मध्ये अॅथलेटिक्सची पहिली जागतिक अजिंक्यपद स्पर्धा भरवण्याचा मान याच स्टेडियमला मिळाला. तिथे कार्ल लुईसने तीन सुवर्णपदके पटकावली. २००५ मध्ये ती स्पर्धा पुन्हा येथे आली. २००९ मध्ये स्त्रियांच्या युरोपीय फुटबॉल स्पर्धेचा अंतिम सामना येथे झाला आणि जर्मनीने इंग्लंडवर ६-२ असा विजय मिळवला.

खेळाखेरीज संगीताच्या मैफलीही येथे होतात. २०१२ मध्ये अमेरिकन गायक ब्रूस स्प्रिंगस्टीन येथे चार तासांहून अधिक वेळ गायला. त्याच्या आयुष्यातील ती सर्वांत लांबलेली मैफल ठरली. प्रेक्षकांच्या सज्जांखालची जागाही वाया जाऊ दिली नाही. तिथे क्रीडासंग्रहालय होते आणि कमी खर्चात प्रवास करणाऱ्या तरुणांसाठी अनेक वर्षे वसतिगृह चालले. लिफ्टने मनोऱ्यावर जाऊन शहर पाहण्याची सोयही करण्यात आली.

जुने राखून नवे करणे

ऐंशी वर्षांच्या वास्तूचे काय करायचे, पाडून नवी बांधायची की डागडुजी करायची, हा प्रश्न सर्वत्रच येतो. हेलसिंकीने मधला मार्ग काढला. २०१६ ते २०२० अशी चार वर्षे स्टेडियम बंद ठेवून शासन आणि महानगरपालिका यांच्या पैशांतून त्याचा जीर्णोद्धार झाला. खर्च तेहतीस कोटी युरोंहून अधिक आला. बाहेरचे मूळ रूप आणि मनोरा तसाच ठेवला, नव्या सोयी बऱ्याचशा जमिनीखाली नेल्या आणि सर्व आसनांवर छप्पर घातले. १९५२ मध्ये सुमारे सत्तर हजार लोक मावत होते, आता सुमारे छत्तीस हजार आसने आहेत. गर्दीचा आकडा निम्म्यावर आला, पण माणसाला नीट बसून पाहता येते.

उपसंहार

या अभ्यासातून मला दोन गोष्टी दिसल्या. पहिली अशी की, मैदान अनेक कामांसाठी वापरले तरच त्याचा खर्च परवडतो. आपल्याकडे तालुक्याच्या मैदानावर सभा होतात, प्रदर्शने भरतात, सुगीत शेजारी मळणीही होते. यात गैर काही नाही. फरक एवढाच की तिथे कार्यक्रम संपला की धावमार्ग पुन्हा धावपटूंच्या स्वाधीन होतो. आपल्याकडे मंडपाचे खड्डे तसेच राहतात आणि त्यात एखाद्या होतकरू मुलाचा पाय मुरगळतो. उपयोग अनेक असोत, पण मैदानाचा पहिला मालक खेळाडू आहे, हे ठरलेले असावे. यासाठी कोट्यवधी रुपये लागत नाहीत. फावडे, मुरूम आणि जबाबदारी घेणारा एक माणूस पुरेसा आहे.

दुसरी गोष्ट न्यायाची. हेलसिंकीच्या मैदानाने यार्विनेनची फेक सेंटिमीटरपर्यंत मोजून जपली, पण टोकाझिएरची शर्यत डोळ्यांसमोर घडूनही चुकीची नोंदली. मोजमाप काटेकोर असणे वेगळे आणि प्रामाणिक असणे वेगळे. खेड्यातून आलेल्या, पाठीशी कोणी नसलेल्या आमच्यासारख्या मुलांना मैदानावर उतरताना फार काही नको असते. पळाल्यावर जो क्रमांक आला, तोच कागदावर लिहिला जावा, एवढेच मागणे असते.