अवधान भक्ती : लिंग हातावर, मन कोठे?

गेल्या दोन पाठांत आपण भक्तस्थलातील श्रद्धा आणि महेशस्थलातील निष्ठा यांचा विचार केला. क्रमाने आता प्रसादीस्थल येते. या स्थलाची भक्ती म्हणजे अवधान.

दोन महिन्यांपूर्वी एका सोमवारी शिवानुभव संपल्यावर मंडळी प्रसादाला गेली, पण एक अक्का मागे थांबल्या. जवळ येऊन म्हणाल्या, "अप्पाजी, मालक लिंगैक्य झाल्याला आठ महिने झाले. रोज लिंगपूजेला बसते. लिंग हातावर असतंय, पण डोळ्यापुढं यांचं तोंड येतंय. मग पाणी येतंय डोळ्याला, नि अर्ध्यातनं उठते. असली पूजा लिंगाला पोचते काय? का दोष लागतो? लागत असंल तर थोडे दिवस बंद ठेवू काय?"

मी म्हणालो, "बंद ठेवू नका. पुढच्या सोमवारी या." त्या वेळी याहून अधिक बोलावेसे वाटले नाही. हा प्रश्न त्या एकट्या अक्कांचा नाही. दुकानदाराच्या हातावर लिंग असते आणि मनात उधारीची वही असते. विद्यार्थ्याच्या मनात परीक्षा असते. घरच्या माउलीचा कान चुलीवरच्या दुधाकडे असतो. आता तर पूजेच्या पाटाशेजारी मोबाईल ठेवण्याची रीत पडली आहे, आणि तो वाजला नाही तरी मन त्याच्याकडे जाऊन येते. म्हणून उत्तर येथे सविस्तर देत आहे.

अवधानाची जागा

चन्नबसवण्णांनी षट्स्थलाची जी व्यवस्थित मांडणी केली, तीत प्रत्येक स्थलाला एक लिंग, एक इंद्रिय, एक विषय, एक हस्त आणि एक भक्ती आहे. भक्ताची श्रद्धा, महेशाची निष्ठा, प्रसादीचे अवधान, प्राणलिंगीचा अनुभव, शरणाचा आनंद आणि ऐक्याचे समरस, अशा या सहा भक्ती होत. प्रसादीस्थलाचे लिंग शिवलिंग, इंद्रिय नेत्र, विषय रूप, तत्त्व अग्नी आणि हस्त निरहंकार. हस्त म्हणजे ज्याने अर्पण करायचे तो हात.

येथे दोन शंका येतात. मन एकाग्र करणे ही योग्याची गोष्ट. ती प्रसाद घेणाऱ्याच्या स्थलात का ठेवली? आणि लक्ष देणे हे तर 'मी'चे काम, निश्चयाचे काम. मग त्याचा हात निरहंकार कसा? या दोन शंका सुटल्या की अक्कांच्या प्रश्नाचेही उत्तर मिळते.

आधी शब्द पाहू. अवधान या शब्दात 'धा' हा धातू आहे. धा म्हणजे ठेवणे. श्रद्धा या शब्दातही तोच धातू आहे, आणि समाधान या शब्दातही तोच. श्रद्धेने पाऊल ठेवले, अवधानाने मन ठेवले, म्हणजे शेवटी समाधान लाभते, असा हा एकाच धातूचा प्रवास आहे. मराठीत आपण लक्ष 'देतो', कान 'देतो'. कीर्तनकारही श्रोत्यांना अवधान द्यावे अशीच विनंती करतात. म्हणजे लक्ष ही देण्याची वस्तू आहे, हे आपल्या भाषेला आधीपासून ठाऊक आहे. जे द्यायचे ते आधी लिंगाला द्यावे आणि मग प्रसाद म्हणून घ्यावे, हाच प्रसादीचा धर्म. पहिली शंका येथे फिटते.

चैतन्य आणि चित्त

परशिव हा चित्स्वरूप आहे. ते चैतन्य कोणी निर्माण केलेले नाही आणि ते कधी विझत नाही. गाढ झोपेत मन नसते, डोळे मिटलेले असतात, तरी उठल्यावर आपण म्हणतो, "आज झोप छान लागली." झोपेचे सुख कोणी जाणले? जाणणारा तेथे होता. दिवा पाहण्यासाठी दुसरा दिवा लावावा लागत नाही, त्याप्रमाणे चैतन्याला जाणायला दुसरे चैतन्य लागत नाही.

मग भटकते ते काय? भटकते ते चित्त. आपल्या शेतकरी बांधवांना हे एका दृष्टांताने समजेल. उसाला पाणी देताना आपण दारे धरतो. विहिरीचे पाणी पाटाने येते. दारे धरणारा ते पाणी निर्माण करीत नाही, ढकलतही नाही. तो खोऱ्याने एका सरीचे तोंड बंद करतो, दुसरीचे उघडतो आणि पाणी आपल्या स्वभावाने वाहते. चैतन्य हे पाणी, चित्त हा पाट आणि अवधान म्हणजे दारे धरणे. दारे धरणाऱ्याला डुलकी लागली तर पाट फुटतो आणि पाणी पडीक रानात शिरते. पाणी आहे तेच, पण पीक मात्र वाळते. पतंजलींच्या योगसूत्रांतही चौथ्या पादात शेतकऱ्याचाच दृष्टांत आहे. व्यासभाष्य सांगते की शेतकरी पाणी हाताने ओढून नेत नाही, तो आड आलेला बांध तेवढा फोडतो. दृष्टांत एका अंगानेच घ्यायचा असतो. विहिरीचे पाणी उन्हाळ्यात आटते, चैतन्य आटत नाही.

शरणांच्या कन्नड वचनांत 'अरिवु' आणि 'मरवु' अशी जोडी वारंवार येते. अरिवु म्हणजे जाण, मरवु म्हणजे विसर. पाणी भलत्या सरीत गेले, एवढाच मरवुचा अर्थ. मन लिंगावरून ढळले म्हणजे आपल्यातला शिव गेला, अशी भीती कोणी बाळगू नये.

डोळा आणि इष्टलिंग

दीक्षेच्या वेळी गुरू शिष्याच्या मस्तकावर हात ठेवून त्याच्यातीलच चित्कला जागी करतो आणि ती इष्टलिंगरूपाने त्याच्या तळहातावर ठेवतो. म्हणून इष्टलिंगाकडे पाहणे हे बाहेरच्या वस्तूकडे पाहणे नव्हे. पाहणारा आपल्याच चैतन्याला समोर ठेवून पाहत असतो. आपली ज्ञानेंद्रिये सारखी विषयांकडे धावतात, आणि त्यांत डोळा सर्वांत वेगाने धावतो. म्हणून अवधानासाठी शरणांनी डोळाच निवडला. इष्टलिंगाचे काळे, तुळतुळीत आवरण दिव्याचा एकच ठिपका दाखवते. दृष्टीला बसायला तेवढी जागा पुरे होते.

डोळ्याशी मात्र भांडू नये. नेत्रतज्ज्ञ सांगतात की एका ठिकाणी रोखलेला डोळाही पूर्ण स्थिर नसतो, त्याची सूक्ष्म हालचाल चालूच असते. डोळा लवला तर लवू द्यावा, पाणी आले तर पुसावे. पापणी किती वेळ लवली नाही याचा हिशेब ठेवणे ही पूजा नाही.

निरहंकार हात

आता दुसरी शंका. तिचे उत्तर मला पुस्तकातून मिळाले नाही, माझ्या चुकीतून मिळाले. पाठशाळेत असताना पहाटेच्या पूजेत मन ढळले की मी स्वतःवर चिडत असे. दात आवळून पुन्हा दृष्टी रोखत असे. एखाद्या दिवशी मन बराच वेळ टिकले की तो दिवस मोठा विजयाचा वाटे. अशाच एका 'विजया'च्या सकाळी पूजेवरून उठलो, आणि पाण्याची घागर आणायला उशीर केला म्हणून माझ्याहून लहान असलेल्या बटूला सर्वांसमोर घालूनपाडून बोललो. तो काही बोलला नाही. घागर खाली ठेवून निघून गेला. त्याचा चेहरा पाहिला तेव्हा कळले, की माझी दृष्टी लिंगावर होती, पण अर्पण दुसऱ्यालाच चालले होते. ते 'मी'ला चालले होते. पाणी सरीत न जाता दारे धरणाऱ्याच्याच पायाखाली साचत होते.

मनावर सत्ता गाजवून मिळवलेली एकाग्रता अहंकाराचे खत होते. तिची खूण सोपी आहे. पूजेनंतर पहिला माणूस समोर येतो, त्याच्याशी आपण कसे वागतो ते पाहावे. बसवण्णांनी स्वतःच्या मनाला फांदीवरच्या माकडाची उपमा दिली. एवढा मोठा पुरुष आपले मन उड्या मारते असे उघड सांगतो, तेथे आपण कशाची लाज बाळगायची? पाट फुटला तर शहाणा शेतकरी पाण्याला शिव्या देत नाही. चिखलाचे एक खोरे टाकतो आणि तोंड बुजवतो. मन ढळले हे ध्यानात येणे हाच अरिवु, आणि रागावल्याशिवाय त्याला परत आणणे हाच निरहंकार हात. म्हणून पूजेत मन दहा वेळा ढळले आणि दहा वेळा परत आणले, तर दहा वेळा अर्पण झाले असे समजावे.

पूजेबाहेरचे अवधान

अवधान पाटावर संपत नाही. आयदक्की मारय्या कल्याणात बसवण्णांच्या अंगणात सांडलेले तांदूळ वेचून आणीत आणि त्यावर पती-पत्नी दासोह करीत. एके दिवशी त्यांनी रोजच्यापेक्षा जास्त तांदूळ आणले. लक्कम्मांनी ते पाहताच ओळखले की आज कायकात आशा शिरली आहे, आणि जास्तीचे तांदूळ परत टाकून यायला सांगितले. रोज हातात येणाऱ्या धान्याकडे त्यांचे नीट अवधान होते, म्हणून आशा पहिल्याच दिवशी पकडली गेली. अवधान नसते तर ते तांदूळ रोजचेच झाले असते. लिंगाला न दाखवता घेतला तो पदार्थ, दाखवून घेतला तो प्रसाद. त्या दोहोंमध्ये अवधानाचा एक क्षण असतो.

अक्कांच्या प्रश्नाचे उत्तर

पुढच्या सोमवारी अक्का आल्या तेव्हा मी त्यांना अल्लमप्रभूंची कथा सांगितली. चामरसाच्या प्रभुलिंगलीलेत प्रभूंना मोह शिवत नाही. पण हरिहर कवीच्या रगळेतील कथा वेगळी आहे. तीत बळ्ळीगावेचा हा मद्दल वाजवणारा तरुण कमलतेवर जीव टाकतो, आणि ती थोड्याच काळात जाते. शोकाने वेडापिसा झालेला अल्लम रानात बसून पायाच्या नखाने जमीन उकरीत असतो, तोच मातीतून सोन्याचा कळस दिसतो. उकरले तर खाली देऊळ निघते. आत एक योगी बसलेले असतात. त्यांची दृष्टी हातातील लिंगावर खिळलेली असते आणि पापणी लवत नाही. ते अनिमिषय्या. त्यांच्याकडून अल्लमांना लिंग मिळते, आणि मद्दल वाजवणाऱ्या तरुणाचे प्रभुदेव होतात.

मी म्हणालो, "अक्का, शोक करणारा माणूस आळशी नसतो. त्याचे लक्ष एकाच ठिकाणी लागलेले असते. कमलतेवर जे लक्ष जडले होते, त्याच लक्षाच्या जोरावर अल्लमांचे नख जमिनीत शिरले. त्यांना नवे मन आणावे लागले नाही, आहे तेच वळले."

त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग विचारले, "म्हणजे यांचं तोंड आलं तर येऊ द्यायचं?"

"येऊ द्या. त्याला हाकलू नका, आणि त्याच्या मागे दवाखान्यापर्यंत, शेवटच्या रात्रीपर्यंत जाऊही नका. आठवण हाही पदार्थच आहे. तोंड आले की ते तळहातावरच्या लिंगाला दाखवा आणि दृष्टी दिव्याच्या ठिपक्यावर ठेवा. नंतर जी आठवण उरेल ती प्रसाद म्हणून घ्या. दोष लागत नाही. चाळीस वर्षांच्या संसाराचे प्रेम लिंगाला वाहायला मिळते आहे, हे थोडे आहे काय?"

गेल्या सोमवारी त्या पुन्हा भेटल्या. म्हणाल्या, "अजून येतंय, अप्पाजी. पण आता पूजा अर्धी टाकून उठत नाही." अवधान भक्तीचे याहून मोठे प्रमाण मला सांगता येणार नाही.

या महिन्याचा अभ्यास

१. पूजेला बसण्यापूर्वी मोबाईल दुसऱ्या खोलीत ठेवावा. दिवा असा ठेवावा की त्याचा ठिपका लिंगावर दिसेल. डाव्या तळहातावर लिंग घेऊन, हात सुखाने धरवेल इतक्या उंचीवर ठेवावे. आरंभी दहा मिनिटे पुरे.

२. मन ढळले असे ध्यानात येताच 'ॐ नमः शिवाय' एकदा म्हणून दृष्टी परत ठिपक्यावर आणावी. स्वतःला दोष देऊ नये आणि किती वेळा ढळले ते मोजू नये.

३. दिवसातून एक जेवण बोलणे टाळून, पहिला घास लिंगाला मनोमन दाखवून घ्यावे.

४. पूजेवरून उठल्यावर जो पहिला माणूस समोर येईल, त्याच्याशी बोलताना सर्व लक्ष त्याच्याकडे द्यावे. तो जंगमच आहे असे समजावे.

पुढील पाठात प्राणलिंगीस्थलातील अनुभव भक्तीचा विचार करू. सर्वांना शरणु शरणार्थी.