शिंगाळ्याचा काटा आणि आपला हात

खाडीकाठी राहणाऱ्यांना शिंगाळ्याची ओळख करून द्यायला नको. कालवण म्हणून तो आपल्याला आवडतो, पण जाळ्यातून सोडवताना किंवा साफ करताना त्याचा काटा लागला की चांगला धट्टाकट्टा माणूसही कळवळतो. असे रुग्ण माझ्याकडे नेहमी येतात. त्यांतले बरेचसे उशिरा आणि चुना, हळद किंवा रॉकेल लावून आलेले असतात. हा मासा नीट समजून घेतला, तर काटा लागल्यावर काय करावे हे आपोआप कळते.

शिंगाळ्याच्या अनेक जाती आहेत. त्यांतल्या खाडीत येणाऱ्या एका जातीचे शास्त्रीय नाव आरियस मॅक्युलेटस. समुद्राचे खारे आणि खाडीचे मचूळ, अशी दोन्ही पाणी त्याला मानवतात. अंगावर खवले नसतात. गढूळ पाण्यात डोळ्यांचा फारसा उपयोग नाही, म्हणून तोंडाभोवती मिश्यांच्या तीन जोड्या असतात. या मिश्यांनी तो चिखलातले भक्ष्य चाचपतो आणि त्याची चवही घेतो.

त्याची शस्त्रे तीन : पाठीवर एक काटा आणि कल्ल्यांमागे दोन्ही बाजूंच्या परांना एकेक. मासा घाबरला की हे काटे ताठ उभे राहून सांध्यात अडकतात. काट्याच्या कडेला करवतीसारखे दाते असतात आणि वरच्या कातडीत विष तयार करणाऱ्या पेशी असतात. काटा शिरताना ही कातडी फाटते व विष जखमेत उतरते. त्यासाठी मासा जिवंत असावा लागत नाही. विळीवर घेतलेला मेलेला शिंगाळाही तितकाच त्रास देतो.

हे विष प्रथिनांचे असते आणि उष्णतेने निकामी होते. म्हणून जखम स्वच्छ पाण्याने धुवावी आणि हात किंवा पाय सोसवेल इतक्या गरम पाण्यात अर्धा ते दीड तास बुडवून ठेवावा. पाणी ४५ अंश सेल्सिअसपेक्षा जास्त गरम नसावे. दुखऱ्या हाताला अंदाज येत नाही, म्हणून पाणी दुसऱ्या हाताने पाहावे. मधुमेहींच्या पायांना संवेदना कमी असते, त्यांच्यासाठी पाणी घरातल्या दुसऱ्या कोणी तपासावे. घट्ट दोरी बांधू नये, जखम चोखू नये, चुना लावू नये.

कळ थांबली म्हणजे काम संपले असे नाही. दाते उलटे असल्याने काट्याचा तुकडा आत मोडून राहतो आणि पुढे पू होतो. जखम खोल असेल, बोट वाकत नसेल, तर डॉक्टरांना दाखवावे; क्ष-किरण तपासणी लागू शकते. धनुर्वाताची लस घेतली आहे की नाही हेही पाहावे. मधुमेह किंवा यकृताचा विकार असलेल्यांनी तर त्याच दिवशी दवाखाना गाठावा. खाऱ्या आणि मचूळ पाण्यातले व्हिब्रिओ जातीचे काही जंतू अशा रुग्णांत झपाट्याने पसरून हातपाय, प्रसंगी जीवही धोक्यात आणतात. सूज वर चढणे, ताप, काळसर फोड ही धोक्याची लक्षणे आहेत.

या काटेरी माशाची दुसरी बाजूही सांगण्यासारखी आहे. मादीने घातलेली गोटीएवढी मोठी अंडी नर आपल्या तोंडात सांभाळतो. पिल्ले बाहेर पडून स्वतंत्र होईपर्यंत, म्हणजे कित्येक आठवडे, तो जवळजवळ उपाशी राहतो. अंडी मोजकीच असल्याने असा एक नर मारला की एक अख्खी वीण जाते. १९८० च्या सुमारास मंगळूरच्या किनाऱ्यालगत पर्ससीन जाळ्यांत असे नर मोठ्या प्रमाणावर सापडले आणि अंड्यांची फार नासाडी झाली.

तेव्हा शिंगाळा साफ करताना आधी तिन्ही काटे पकडीने धरून मोडावेत, मगच विळी हाती घ्यावी. आणि जाळ्यात अंडी तोंडात धरलेला जिवंत नर आला, तर काटे सांभाळून त्याला पाण्यात सोडून द्यावे.