शेवया, पास्ता आणि संगमनेरचा टोमॅटो

प्रश्न : आमच्या घरी सध्या एक वाद चालू आहे. नववीतली मुलगी म्हणते, पिझ्झा-पास्ता हे इटलीचं हजारो वर्षांचं जुनं अन्न आहे. सासूबाई म्हणतात, पास्ता म्हणजे आपल्या शेवयाच, त्यात नवं ते काय? आणि आमच्या यजमानांचं म्हणणं असं, की टोमॅटो आपल्या शेतात पिकतो, चीज श्रीरामपूरकडे तयार होतं, मग ते खाणं इटलीचं कसं? तिघांत खरं कोणाचं? आणि इटलीच्या लोकांना आपल्या जेवणाचा एवढा अभिमान कशामुळे वाटतो?
– एक वाचक भगिनी, ता. संगमनेर

उत्तर : ताई, तुमच्या घरच्या तिघांनीही खऱ्याचा एकेक तुकडा हातात धरला आहे. एकेकाचं म्हणणं तपासून पाहू.

मुलीचं म्हणणं

पास्ता जुना आहे, यात शंका नाही. अल-इद्रिसी या अरब भूगोलकाराने सिसिलीचा राजा दुसरा रॉजर याच्यासाठी 1154 साली एक ग्रंथ पूर्ण केला. त्यात पालेर्मोजवळच्या त्राबिया गावाचं वर्णन येतं. त्या गावात कणकेचे दोऱ्यासारखे वाळवलेले पदार्थ मोठ्या प्रमाणावर होत आणि जहाजं भरून मुस्लिम व ख्रिस्ती मुलखांत जात. जिनोव्हा शहरातल्या 1279 सालच्या एका मालमत्तेच्या यादीत मॅकरोनीची नोंद सापडते. मार्को पोलोने चीनहून पास्ता आणला अशी गोष्ट मुलांना सांगितली जाते. तो प्रवासाहून परतला 1295 मध्ये, म्हणजे ती गोष्ट खरी धरता येत नाही.

पण तुमच्या मुलीच्या डोळ्यांपुढे आहे तो लाल पास्ता, आणि तो मात्र बराच नवा आहे. टोमॅटो मूळचा अमेरिका खंडातला. सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांबरोबर तो युरोपात आला. फ्लॉरेन्सचा ड्यूक कोसिमो दे मेदिची याच्याकडे 1548 साली टोमॅटोची टोपली आल्याची नोंद आहे. त्यानंतर कितीतरी पिढ्या तो बागेत शोभेला राहिला, कारण विषारी वनस्पतींच्या कुळातलं हे फळ पोटात घ्यायला लोक धजावत नव्हते. टोमॅटोच्या रश्शाची कृती इटलीत छापली गेली ती 1690 च्या दशकात, नेपल्सच्या अंतोनिओ लातिनीच्या पुस्तकात, आणि तिथेही तो रस्सा ‘स्पॅनिश पद्धतीचा’ म्हणूनच दिलेला आहे. शेवयांवर टोमॅटो घालायची नेपल्सची घरगुती कृती इप्पोलितो काव्हालकांतीने छापली 1830 च्या दशकात. त्याआधी श्रीमंतांच्या ताटात पास्ता यायचा तो चीज, लोणी, साखर आणि दालचिनी घालून. शेवयांची खीर खाणाऱ्या आपल्या माणसांना त्यात नवल वाटणार नाही.

पिझ्झा नेपल्सच्या गोरगरिबांचं रस्त्यावरचं खाणं होतं. तिथल्या मजुराला सकाळी कामावर जाताना कमी पैशांत पोट भरायचं असे. 1889 मध्ये राणी मार्गेरितासाठी तिरंगी पिझ्झा केल्याची कथा प्रसिद्ध आहे, पण इतिहासाचे अभ्यासक तिच्याकडे शंकेने पाहतात. दुसऱ्या महायुद्धापर्यंत उत्तर इटलीतल्या कितीतरी लोकांना पिझ्झा नीट माहीतही नव्हता. अंडं आणि डुकराचं मांस घातलेला कार्बोनारा त्या युद्धानंतरचा. कॉफीत भिजवलेल्या बिस्किटांचं तिरामिसू तर 1970 च्या आसपास नावारूपाला आलं.

इटली हा देश एक झाला 1861 मध्ये. त्याआधी तिथे नाना राज्यं होती आणि प्रत्येक राज्याची चूल वेगळी होती. उत्तरेत मक्याचं घट्ट पीठ आणि भात, दक्षिणेत गहू आणि ऑलिव्हचं तेल. उत्तरेकडच्या गरीब शेतकऱ्यांवर नुसत्या मक्यावर दिवस काढायची वेळ आली, तेव्हा जीवनसत्त्वाच्या कमतरतेने पेलाग्रा नावाचा रोग गावोगाव पसरला. 1880 ते 1920 या काळात सुमारे 40 लाख इटालियन अमेरिकेला गेले. त्यांत दक्षिणेतले गरीब सर्वाधिक होते. मायदेशी सणासुदीला मिळणारं मांस आणि पांढरं पीठ तिथे मजुरीच्या पैशांत रोज मिळू लागलं. जगाला आज ‘इटालियन’ म्हणून जे ताट ओळखीचं आहे, ते बऱ्याच अंशी या परदेशी गेलेल्या माणसांनी वाढलेलं आहे. तेव्हा मुलीला सांगा, पास्ता आठशे वर्षांहून जुना, पण तिच्या ताटातला लाल पास्ता दोनशे वर्षांचा.

सासूबाईंचं म्हणणं

सासूबाईंनी नेमकं ओळखलं आहे. चांगला पास्ता ज्या गव्हाचा होतो तो डुरम, म्हणजे आपला बन्सी गहू. दाणा कडक, पिवळसर, आणि त्यातलं प्रथिन असं की कणीक तुटत नाही, वाळवून उकळत्या पाण्यात टाकली तरी आकार सोडत नाही. शेवयांना सासूबाई बन्सी मागतात तो ह्याच गुणासाठी. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाच्या निफाड येथील गहू संशोधन केंद्राने पंचवटी आणि गोदावरी हे बन्सीचे वाण दिले. गोदावरी वाणाची शिफारस शेवया, कुरडया, रवा आणि पास्ता अशा सगळ्यांसाठी केली जाते. म्हणजे आपल्याच जिल्ह्यातल्या विद्यापीठाने दोन्ही पदार्थ एकाच ओळीत बसवले आहेत.

कामाची रीतही तीच. गहू ओलवायचा, दळायचा, चाळून रवा-सपीठ वेगळं करायचं, कणीक घट्ट तिंबायची, मुरू द्यायची आणि चैत्र-वैशाखाच्या उन्हात वाळवून वर्षभराचं डब्यात भरून ठेवायचं. नेपल्सजवळच्या ग्रान्यानो गावाचं नाव पास्त्यासाठी गाजलं, त्यात समुद्राकडून येणाऱ्या वाऱ्यात पास्ता हळूहळू वाळायचा याचा मोठा वाटा होता. सतराव्या शतकात नेपल्समध्ये पीठ दाबून काढायची यंत्रं रुळली आणि पास्ता स्वस्त झाला. आपल्याकडे बाजेला बांधायचं शेवयांचं यंत्र आलं, तेव्हा घरोघरच्या बायकांचे हात असेच थोडे मोकळे झाले.

हाताने वळायच्या आकारांकडे पाहिलं तर साम्य आणखी ठळक दिसतं. लग्नघरी गव्हले, नखुले, मालत्या करायला आळीतल्या बायका जमतात. गव्हल्याचा एकेक दाणा चिमटीत वळला जातो. दक्षिण इटलीतल्या बारी शहरात आजही बायका दारात बसून अंगठ्याने कानाच्या पाळीसारखा पास्ता वळतात. आणि आपल्या बाजूची शेंगोळी आठवा. हुलग्याच्या पिठात लसूण-मिरची घालून वळलेली कडी, उकळत्या फोडणीच्या पाण्यात सोडलेली, दाटसर रश्शासकट ताटात घेतलेली. वरणफळंही त्याच जातीची. इटलीच्या खेड्यांत पास्ता हरभऱ्याबरोबर किंवा घेवड्याबरोबर शिजवतात, त्याच्या मागे गरिबाच्या घरातली हीच अक्कल आहे: धान्य आणि कडधान्य एका भांड्यात, एका जळणात, आणि पोटाला दोन्हींची ताकद.

खपली गव्हाची गोष्टही सांगून टाकतो. सांगली-सातारा-कोल्हापूरकडे पिकणारा खपली इटलीत फार्रो म्हणून ओळखतात. प्राचीन रोममध्ये हे मुख्य धान्य होतं. तिथल्या उच्चकुलीनांच्या एका विवाहविधीत वधूवर याच धान्याची भाकरी देवाला अर्पण करीत. लग्नात धान्याला मान द्यायची रीत इतकी जुनी आणि इतकी दूरवर पसरलेली आहे.

मग एकाने दुसऱ्याकडून घेतलं का? तसा पुरावा नाही आणि तसं मानायची गरजही नाही. जिथे कडक गहू आहे, कडक ऊन आहे आणि पावसाळ्याची बेगमी करणारं घर आहे, तिथे माणसाचे हात आपोआप या पदार्थापर्यंत पोहोचले. फरक आहे तो शिजवण्यात. आपण शेवया मऊ शिजवून दुधात घालतो, ते पास्ता दाताला किंचित कडक लागेल इतपतच उकळतात.

यजमानांचं म्हणणं

संगमनेर, अकोले, पारनेर या तालुक्यांत टोमॅटो किती होतो, हे तुम्हाला सांगायला नको. नारायणगावच्या बाजारात आपल्याकडच्या क्रेट्सच्या रांगा लागतात. भाव पडला की तोच माल बांधावर टाकायची वेळ येते, ही मोठी वेदना आहे. नेपल्सजवळच्या वेसुव्हियस ज्वालामुखीच्या परिसरात सान मार्झानो जातीचा लांबट, गराचा टोमॅटो होतो. तिथे तो डब्यात भरून, गावाचं नाव लावून जगभर विकतात. आपला टोमॅटो मुख्यतः ताज्या भाजीच्या बाजारासाठी लावलेला असतो. प्रक्रियेसाठी गर जास्त आणि पाणी कमी असलेले वाण लागतात, आणि जवळ कारखानाही लागतो.

चीजबाबत यजमान बरोबर आहेत. श्रीरामपूर भागातल्या प्रभात डेअरीने दुधाबरोबर चीजही काढलं. 2019 मध्ये तिचा दुग्धव्यवसाय फ्रान्सच्या लॅक्टॅलिस समूहाने सुमारे 1,700 कोटी रुपयांना घ्यायचा करार केला. गाल्बानी आणि पार्मालात या इटलीच्या नामांकित दुग्धकंपन्याही याच समूहाच्या आहेत. म्हणजे आपल्या गोठ्यातलं दूध आणि इटलीतलं चीज आज एकाच मालकाच्या वहीत आहे. घरात शाकाहार पाळत असाल तर एक ध्यानात ठेवा. अस्सल पार्मिजानो चीज वासराच्या पोटातल्या विकराने विरजलेलं असतं. भारतात बनणाऱ्या चीजसाठी बहुधा सूक्ष्मजीवांपासून काढलेलं विकर वापरतात. पाकिटावरची हिरवी खूण पाहून घ्यावी.

पण ‘आपल्या शेतातलं म्हणून आपलं’ हा हिशेब पुरा लागत नाही. बाजरीची भाकरी, मिरचीचा ठेचा आणि शेंगदाण्याची चटणी हे नगरी माणसाचं जेवण. बाजरी आणि ज्वारी मूळच्या आफ्रिकेतल्या, फार जुन्या काळी इथे पोहोचलेल्या. मिरची आणि भुईमूग अमेरिकेतून आले, तेही पोर्तुगीज भारतात आल्यानंतर. टोमॅटो इटलीला जितका नवा, जवळपास तितकीच मिरची आपल्याला नवी. आपल्या जिल्ह्यातल्या दायमाबादला, प्रवरेच्या काठी, साडेतीन हजार वर्षांपूर्वीच्या वस्तीत जव, गहू, मसूर, कुळीथ अशी धान्यं सापडली. मिरची तिथे असणं शक्यच नव्हतं. तरी ठेच्याला कोणी परका म्हणणार नाही, कारण पिढ्यान्‌पिढ्या आपल्या बायकांनी तो आपल्या हाताने, आपल्या भाकरीसाठी कुटला. इटलीच्या टोमॅटोलाही हाच न्याय लावावा लागतो. बी कुठूनही आलेलं असो, ज्या हातांनी त्याची चव बसवली त्यांचा तो पदार्थ.

अभिमान कशाचा?

इटलीच्या लोकांनी आपलं घरचं अन्न लिहून ठेवलं, नावानिशी जपलं, आणि त्यासाठी भांडलेही. देश एक झाल्यावर तीस वर्षांनी, 1891 साली, पेलेग्रिनो आर्तुझी या व्यापाऱ्याने फ्लॉरेन्समध्ये स्वतःच्या खर्चाने पाककृतींचं एक पुस्तक काढलं. पहिल्या आवृत्तीत 475 कृती होत्या. ठिकठिकाणच्या वाचकांनी, विशेषतः गृहिणींनी, पत्रं पाठवून आपल्या गावच्या कृती कळवल्या आणि पुस्तक वाढत वाढत 790 कृतींवर गेलं. वेगवेगळ्या बोली बोलणारी माणसं त्या पुस्तकामुळे एकमेकांच्या चुलीपर्यंत पोहोचली. पुढे पार्मिजानो चीज, सान मार्झानो टोमॅटो अशा वस्तूंना कायद्याचं संरक्षण मिळालं. 1986 मध्ये रोमच्या एका ऐतिहासिक चौकात परदेशी फास्ट फूडचं दुकान निघालं, तेव्हा त्याविरुद्ध लोक उभे राहिले. त्यातूनच कार्लो पेत्रिनी यांची ‘स्लो फूड’ चळवळ वाढली. 10 डिसेंबर 2025 रोजी युनेस्कोने इटालियन स्वयंपाकाला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. ती बैठक दिल्लीच्या लाल किल्ल्यात भरली होती आणि आपली दिवाळीही त्याच बैठकीत त्या यादीत आली.

या कामाला लागणारी माणसं आपल्याकडेही आहेत. अकोले तालुक्यातल्या कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांनी गावरान बियाणं जमवून, पेरून आणि वाटून टिकवलं. 2020 मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली. मंगळवेढ्याच्या ज्वारीला भौगोलिक मानांकन मिळालं आहे. बी वाचवायला राहीबाई उभ्या राहिल्या, पण त्या बियाण्याचं ताटात काय करायचं हे ज्यांना ठाऊक आहे, त्या आज्या एकेक करून जात आहेत.

म्हणून ताई, वादाचा निकाल असा: मुलीचं अर्धं खरं, यजमानांचं अर्धं खरं, आणि सासूबाईंचं जवळजवळ पूर्ण खरं. घरी पास्ता जरूर करा, संगमनेरच्याच टोमॅटोचा करा. मात्र यंदाच्या उन्हाळ्यात मुलीला सासूबाईंजवळ वही घेऊन बसवा. गहू कोणता, किती ओलवायचा, गव्हले कसे वळायचे, शेंगोळ्यात हुलगा किती आणि ज्वारी किती, हे सगळं गावाच्या आणि सांगणारीच्या नावासह लिहून घ्या, आणि आमच्याकडे पाठवा. इतर वाचकांनाही हीच विनंती आहे. आलेल्या कृती आम्ही या सदरात छापू.