ओठ परके, बोल मराठी

परभाषेतील चित्रपट मराठीत आणणे म्हणजे संवादांचे भाषांतर करणे, एवढाच आपला सर्वसाधारण समज असतो. तो किती अपुरा आहे, हे प्रस्तुत लेखात दाखविण्याचा माझा प्रयत्न आहे.

'प्रभात'ने 'अयोध्येचा राजा' (१९३२) मराठी व हिंदी भाषांत स्वतंत्रपणे चित्रित केला. तेथे नट स्वतःच ती भाषा बोलत होते. डबिंगमध्ये मात्र चित्र तेच राहते, आवाज तेवढा बदलतो. २०२३ साली 'स्पायडर-मॅन : अक्रॉस द स्पायडर-व्हर्स' भारतात दहा भाषांत प्रदर्शित झाला, त्यांत मराठीही होती. पण पडद्यावर हलणारे ओठ इंग्रजीचेच!

संवादलेखकाची पहिली अडचण या ओठांचीच. प, फ, ब, भ, म उच्चारताना ओठ मिटतात. 'मदर' म्हणताना मिटलेले ओठ आपल्या 'आई'ला जुळत नाहीत. दुसरी अडचण लांबीची. 'आय लव्ह यू' तीन उच्चारांत संपते. 'माझे तुझ्यावर प्रेम आहे' याला आठ लागतात. 'आवडतेस मला' म्हटले तर वेळ साधते, पण अर्थ थोडा निसटतो.

तिसरी अडचण मला सर्वांत महत्त्वाची वाटते. इंग्रजीतला 'यू' सर्वांना चालतो. मराठीत तू, तुम्ही की आपण, हे ठरविल्यावाचून वाक्यच पुरे होत नाही. सून सासऱ्यांना काय म्हणेल? शिपाई साहेबांना? म्हणजे अनुवादकाला शब्दाआधी नाते ठरवावे लागते. 'आय केम'चे 'आलो' करावे की 'आले'? रहस्यपटातील निनावी चिठ्ठी असेल, तर एवढ्यानेच रहस्य फुटायचे!

शेवटचा प्रश्न आम्हां वसईकरांच्या जिव्हाळ्याचा. मराठी, पण कोणती? आमच्याकडे घरात कादोडी किंवा वाडवळी, तर शाळेत प्रमाण मराठी. खेडवळ पात्राच्या तोंडी बोली घालून हशा मिळविण्याचा मोह संवादलेखकाने टाळावा, असे माझे मत आहे. माझी आजी प्रार्थना पुस्तकी मराठीत म्हणते. रडते मात्र बोलीतच. ते रडणे हास्यास्पद कसे म्हणावे?

ज्या वसईच्या फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी मराठीला 'सुबोध बायबल' दिले, तेथील विद्यार्थ्यांना अनुवादाचे मोल वेगळे सांगायला नको. मित्रहो, एखादा परदेशी प्रसंग आवाज बंद करून पाहा आणि त्यातील माणसांना आपल्या घरच्या भाषेत बोलते करा. ती माणसे परकी वाटेनाशी झाली, की अनुवाद साधला म्हणून समजा.