गाजर गवताचे रबर देणारे भावंड : ग्वायुल

गाजर गवत आपणा सर्वांच्या परिचयाचे आहे. सूर्यफूल व करडईच्या कुळातील हे तण. याच तणाच्या पार्थेनियम या प्रजातीतील एक रानटी झुडूप मात्र रबर देते. त्याचे नाव ग्वायुल.

ओळख : उत्तर मेक्सिको व अमेरिकेतील टेक्सासच्या कोरड्या माळरानावर हे झुडूप आढळते. तेथे वर्षाला साधारण २५० ते ४०० मि.मी. पाऊस पडतो. झुडूप बहुवर्षायू, गुडघा ते कमरेइतके उंच असते. पाने अरुंद व रुपेरी करड्या रंगाची, तर फुले लहान असतात. आपले गाजर गवत वर्षायू असून त्यापासून रबर मिळत नाही.

रबर कोठे साठते? रबराच्या झाडाला चीर दिली की चीक वाहतो. ग्वायुलचे रबर खोड व मुळांच्या सालीतील पेशींत बंदिस्त असते. त्यामुळे झुडूप कापून ते कारखान्यात दळावे लागते. पाण्याचा ताण पडला व रात्री थंड झाल्या की वाढ मंदावते आणि रबर साठू लागते. पाणी साचणाऱ्या जमिनीत मुळे कुजतात. कापणीसाठी लागवडीनंतर किमान दोन वर्षे थांबावे लागते.

बाजाराचा धडा : दुसऱ्या महायुद्धात जपानने मलाया व इंडोनेशिया जिंकल्याने रबराचा पुरवठा तुटला. अमेरिकेने १९४२ मध्ये ग्वायुल लागवडीचा सरकारी प्रकल्प काढला आणि हजारो एकरांवर लागवड केली. युद्ध संपले, कृत्रिम रबर स्वस्त झाले आणि १९४६ मध्ये प्रकल्प गुंडाळून उभे पीक नष्ट केले गेले. पीक जमिनीत नव्हे, बाजारात फसले. पुढे २०१५ मध्ये ब्रिजस्टोन कंपनीने ग्वायुलच्या रबराचे टायर तयार केले. म्हणजे या झुडपाबद्दलची उत्सुकता अजून टिकून आहे.

तेव्हा ‘माळावर रबर पिकवा’ असे सांगून कोणी रोपे विकू लागल्यास तीन प्रश्न अवश्य विचारा.

१) झुडूप दळणारा कारखाना किती अंतरावर आहे?
२) खरेदीचा भाव लेखी मिळेल काय?
३) पहिल्या कापणीपर्यंत घरखर्च कशावर चालवायचा?

समाधानकारक उत्तरे मिळेपर्यंत आपली ज्वारी, तूर मोडू नये. बांधावरचे गाजर गवत मात्र फुलोऱ्यापूर्वी, हातमोजे घालून, मुळासकट उपटावे. त्यासाठी कोणत्याही कारखान्याची वाट पाहावी लागत नाही.