दूरचित्रवाणीचा ध्वनिमुद्रक

मालिकेच्या श्रेयनामावलीत नट, दिग्दर्शक, छायाचित्रकार यांची नावे आपण वाचतो. ध्वनिमुद्रकाचे नाव येईपर्यंत लक्ष उडालेले असते. बी.ए. करून पुढे काय, हा प्रश्न आमच्या घरात मलाच प्रथम पडला, कारण कॉलेजची पायरी चढणारा मीच पहिला. त्या शोधात या व्यवसायाची जी माहिती मिळाली, ती येथे मांडतो.

चित्रीकरणाच्या जागी बोललेला प्रत्येक शब्द स्वच्छ टिपणे, हे ध्वनिमुद्रकाचे काम. त्याचा सहायक लांब काठीला लावलेला मायक्रोफोन चौकटीत दिसणार नाही असा नटाच्या जवळ धरतो. शिवाय कपड्यांत दडवलेले बिनतारी मायक्रोफोन असतात. हे सारे आवाज मिक्सरमध्ये येतात. कोणता वाढवायचा, कोणता उतरवायचा, हे ध्वनिमुद्रक हेडफोन लावून त्याच क्षणी ठरवतो. आवाज फार हळू घेतला तर खरखर वर येते. प्रमाणाबाहेर घेतला तर तो फाटतो आणि सहसा दुरुस्त होत नाही. शेवटी सर्वांना गप्प उभे करून तो त्या जागेची नुसती शांतता मुद्रित करतो. संकलनात दोन वाक्यांमधली फट भरायला तीच लागते. जालनेकरांना हे सहज पटेल : पोलाद कारखान्यांजवळची शांतता आणि शिवारातली शांतता एक नव्हे.

महाराष्ट्रात या कलेची परंपरा जुनी आहे. 'अयोध्येचा राजा' (१९३२) या बोलपटाच्या काळात प्रभातचे विष्णुपंत दामले यांनी ध्वनिमुद्रणाची बाजू सांभाळली. प्रभातच्या पुण्यातील जागेतच १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. मुंबई दूरदर्शन १९७२ मध्ये सुरू झाले आणि १९७४ मध्ये या संस्थेत दूरचित्रवाणीचे शिक्षणही आले. याच संस्थेत शिकलेले रसूल पुकुट्टी यांना 'स्लमडॉग मिलियनेअर'च्या ध्वनिमिश्रणासाठी २००९ मध्ये दोन सहकाऱ्यांसह ऑस्कर मिळाले.

मात्र येथेच आपल्याला ठेच लागते. पदवी कोणतीही चालते, पण ध्वनीच्या अभ्यासक्रमाला बारावीस भौतिकशास्त्र असावे, अशी अट राहत आली आहे. आमच्या गावच्या कनिष्ठ महाविद्यालयात विज्ञान शाखाच नव्हती! तेव्हा इच्छुकांनी त्या त्या वर्षीचे माहितीपत्रक आधी नीट वाचावे. दुसरी वाट म्हणजे सहायक म्हणून काठी धरण्यापासून सुरुवात करणे. ती खडतर आहे. मजुरी दिवसावर, तास लांब, आणि मालिका बंद पडली की काम बंद.

तरीही कलाशाखेचा विद्यार्थी अगदीच रिकाम्या हाताने जातो असे मला वाटत नाही. मराठवाड्यातले पात्र 'काय करायलास?' असे म्हणते, तेव्हा शब्द चुकला की बोलीच तशी आहे, हे यंत्र सांगत नाही. ते सांगायला या मातीतला कान लागतो. भौतिकशास्त्र पुस्तकातून मागाहूनही शिकता येईल. हा कान मात्र आपण घरूनच घेऊन आलो आहोत. मित्रांनो, त्याची किंमत आपण तरी ओळखू या.