अभ्यासपाठ : श्रीनामदेवरायांचे घुमान

राहात्यात एकादशीचे भजन आटोपल्यावर एका तरुणाने विचारले, "महाराज, नामदेवरायांची समाधी पंढरीच्या महाद्वारात आहे. मग पंजाबातले लोक ती घुमानला आहे म्हणतात, हे कसं?" दुसरा तावातावाने म्हणाला, "देव आमचे, संत आमचे, ते त्यांनी कशापायी न्यावेत?" वाद वाढू नये म्हणून आज त्या गावाचाच अभ्यास करू.

घुमान हे गुरदासपूर जिल्ह्यातले, बटाल्याच्या परिसरातले गाव. बियास व रावी या दोन नद्यांमधला हा सुपीक दुआब. नामदेवरायांचा जन्म १२७० चा. तीर्थयात्रा करीत ते उत्तरेस गेले व इथे कित्येक वर्षे राहिले. त्यांच्यामुळे रानात वस्ती झाली, असे तिथली परंपरा सांगते. आपली परंपरा त्यांची समाधी १३५० साली पंढरीस झाली असे मानते. घुमानास दरवर्षी माघाच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे आपल्या मकरसंक्रांतीच्या सुमारास, मोठी जत्रा भरते.

१६०४ साली गुरू अर्जुनदेवांनी आदिग्रंथ सिद्ध केला. त्यात नामदेवरायांची ६१ पदे आहेत. त्या पदांत 'बीठल' हे नाव येते. म्हणजे आपला विठोबा आजही पंजाबी गळ्यातून गाइला जातो, बरं का!

आता गावचे जीवन पाहा. पहाटे गुरुद्वारातून पाठाचा आवाज येतो, आपल्याकडे काकडा होतो तसा. कार्तिकात गहू पेरायचा, वैशाखीला कापणीची धांदल. हिवाळ्यात मक्याची भाकरी आणि मोहरीचा साग. पूर्वी गल्लीत एकच तंदूर असे, साऱ्या घरच्या बाया पीठ घेऊन तिथेच येत; सुखदुःख तिथेच निघे. गुरुद्वारात लंगर : श्रीमंत-गरीब, कुठल्याही जातीचा माणूस, एका पंगतीत जमिनीवर बसतो. वाळवंटातला आपला मेळा आठवा.

या भूमीने दुःखही सोसले. १९४७ च्या फाळणीत गुरदासपूर जिल्हा कोणत्या देशात जाणार, हे स्वातंत्र्यदिनानंतरही दोन दिवस लोकांस ठाऊक नव्हते. १७ ऑगस्टला निवाडा जाहीर झाला. शकरगड तहसील पाकिस्तानात गेली, बाकी जिल्हा भारतात राहिला. किती घरे उठली, त्याची गणना कोण करणार!

आज तिथल्या शेतकऱ्याची चिंता आपल्यासारखीच. हरितक्रांतीनंतर गव्हामागे भात आला, भाताला पाणी लागते, आणि विहिरीचे पाणी खोल गेले. राहात्याच्या पेरूच्या बागेतला आणि उसाच्या फडातला माणूस हे दुःख ओळखील.

२०१५ च्या एप्रिलमध्ये ८८ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन घुमानास भरले. अध्यक्ष होते देहूचे डॉ. सदानंद मोरे. नामदेवरायांच्या वाटेने मराठी माणसे तिथे पोहोचली.

आता त्या तावातावाच्या प्रश्नाचे उत्तर. नामदेवरायांना कुणी नेले नाही, ते आपल्या पायांनी गेले. समाधी एक की दोन, हा इतिहासकारांचा विचार. आपण एवढेच पाहावे की ज्याला परक्या गावाने आपला बाप मानले, तो आपला असून आपल्याला किती कळला?

पुढील एकादशीस प्रत्येकाने एक प्रश्न घेऊन यावे : आपल्या गावात परगावचा माणूस आला तर तो कुणाच्या पंगतीला बसतो?